ब्राझाचे दोन कागद

वसाहतींची सत्ता गेल्यावर आफ्रिकेने नकाशावरची साहेबांची नावं झपाट्याने पुसली. लिओपोल्डव्हिलचं किन्शासा झालं, स्टॅन्लेव्हिलचं किसांगानी, सॉल्सबरीचं हरारे. किन्शासासमोर, काँगो नदीच्या उजव्या तीरावर मात्र एका देशाची राजधानी आजही जुनंच नाव लावून आहे: ब्राझाव्हिल. हे नाव ज्याच्यावरून पडलं तो पिएर सावोर्न्यां द ब्राझा जन्माने इटालियन आणि पेशाने फ्रेंच नौदलातला अधिकारी. समुद्रावरचा माणूस, पण त्याचं नाव झालं ते नद्यांवर आणि पायवाटांवर. आज जिथे गाबॉन, काँगो, मध्य आफ्रिकी प्रजासत्ताक आणि चाड हे देश आहेत तिथल्या फ्रेंच सत्तेचा पाया ज्या एका तहनाम्यावर उभा राहिला, तो त्याने केला. पंचवीस वर्षांनी त्याच मुलखात काय चाललंय याची चौकशी करायलाही त्यालाच पाठवलं गेलं. त्या तहावर फ्रेंच संसदेने दोन वर्षांत शिक्कामोर्तब केलं. चौकशीचा अहवाल लोकांच्या हाती पडायला शंभराहून जास्त वर्षं गेली.

ब्राझाचा जन्म 26 जानेवारी 1852 चा. घराणं उत्तर इटलीतल्या फ्रिउलीतलं, सरदारी, खाऊनपिऊन सुखी. तो वाढला पोपच्या रोममध्ये. इटली नावाचा एकसंध देश तेव्हा अजून व्हायचा होता. मुलाला वेड समुद्राचं, आणि पोपच्या राज्यात नौदल म्हणावं असं काही नव्हतं. फ्रेंच अ‍ॅडमिरल माँतेन्याक यांची घराशी ओळख निघाली, त्यांनी शब्द टाकला आणि 1868 मध्ये पिएत्रो ब्रेस्टच्या नौदल शाळेत परदेशी विद्यार्थी म्हणून दाखल झाला. उच्चारावरून आणि नावावरून तिथे त्याला किती ऐकून घ्यावं लागलं असेल, याची कल्पना करता येते.

1870 चं प्रशियाशी झालेलं युद्ध त्याने उत्तर समुद्रात, जहाजावरून पाहिलं. त्याहून खोल ठसा उमटवणारी गोष्ट पुढच्या वर्षी अल्जेरियात घडली. काबिली लोकांनी उठाव केला होता आणि तो मोडायला फ्रेंच फौज उतरली होती. बंदुकीने जमीन जिंकणं म्हणजे काय, हे विशीतल्या ब्राझाने तिथे जवळून पाहिलं. पुढे आयुष्यभर तो बंदूक बाळगत आला, पण ती पुढे करून बोलणी करायची नाहीत, हा त्याचा शिरस्ता राहिला. त्याला ‘शांततेने जिंकणारा’ म्हणत. या बिरुदातला दुसरा शब्द लोक पटकन विसरतात.

त्यानंतर ‘व्हीनस’ या जहाजावरून तो दक्षिण अटलांटिकच्या गस्तीवर गेला आणि गाबॉनच्या किनाऱ्याला लागला. लिब्रव्हिल हे तेव्हा फ्रान्सचं लहानसं ठाणं होतं. एका गुलामवाहू जहाजावरून सोडवलेल्या माणसांना तिथे वसवलं होतं, म्हणून ते ‘मुक्तांचं गाव’. तिथून जवळच ओगोवे नदी समुद्राला मिळते. पात्र रुंद, पाणी भरपूर, आणि वर ती कुठून येते हे एकाही युरोपियनाला ठाऊक नाही. ही नदी खंडाच्या पोटात शिरायचा दरवाजा असणार, असं त्याच्या मनाने घेतलं. 1874 मध्ये त्याने मोहिमेसाठी थेट नौदलमंत्र्यांकडे अर्ज केला. मंत्री होते तेच माँतेन्याक. त्याच वर्षी त्याला फ्रेंच नागरिकत्व मिळालं आणि पिएत्रोचा पिएर झाला.

पहिली मोहीम 1875 च्या अखेरीस ओगोवेत शिरली. सोबत डॉक्टर नोएल बाले, निसर्ग अभ्यासक आल्फ्रेद मार्श, नौदलातला एक दुय्यम अधिकारी आणि सेनेगलचे डझनभर शिपाई. सगळी मिळून वीसेक माणसं. या नदीचा व्यवहार ब्राझाला हळूहळू उमगला. पाण्याचा प्रत्येक टप्पा एकेका जमातीच्या ताब्यात होता. खालचे ओरुंगू आणि गालोआ, मधले ओकांदा, वरचे आदुमा. मीठ, कापड, बंदुका वर जात. हस्तिदंत, रबर आणि गुलाम खाली येत. एका टप्प्याच्या नावाड्याने दुसऱ्याच्या हद्दीत होडी घालायची नाही, माल हातोहात पुढे जायचा आणि प्रत्येक हाताने आपला वाटा काढून घ्यायचा. एखादा गोरा थेट वर निघाला, तर सगळ्यांच्याच पोटावर पाय. म्हणून अडवणूक व्हायची, पण ती भांडखोर नसायची. नावाडी आज येतो म्हणत, उद्या येत नसत. ब्राझा बसून राहायचा, आठवडेच्या आठवडे. मुखियांशी गप्पा, भेटी, पुन्हा गप्पा. शोभेच्या दारूचे बाण सोडून त्याने लोकांना चकितही केलं. पण त्याचं खरं भांडवल होतं चिकाटी. रेटून पुढे जाणाऱ्यांच्या त्या काळात एका जागी मुकाट बसून वाट पाहणारा शोधक विरळाच.

लोपे इथे गुलामांचा मोठा बाजार भरे. ब्राझाने तिथे काही गुलाम विकत घेऊन मोकळे केले, आणि आपल्या तळावर फडकणाऱ्या झेंड्याला जो गुलाम हात लावेल तो मुक्त, अशी दवंडी दिली. हे सांगणारा तो स्वतःच आहे, तेव्हा त्यात रंग किती भरलाय कोण जाणे. पण फ्रान्समध्ये या गोष्टीने घर केलं. झेंडा जिथे जाईल तिथे माणूस मोकळा होतो, हे ऐकायला कोणत्या साम्राज्याला आवडणार नाही?

ओगोवेने मात्र निराशा केली. पुबारा धबधब्याच्या वर ती अशी रोडावली की दरवाजा वगैरे काही नव्हता हे उघडच झालं. ब्राझाने होड्या सोडल्या आणि पूर्वेकडे पायी निघाला. बूट फाटून गेले होते, पायांना जखमा झाल्या होत्या, तरी अनवाणी चालत तो दुसऱ्या खोऱ्यात उतरला. अलिमा नावाची नदी लागली, पूर्वेकडे वाहणारी. इथे 1878 मध्ये बोबांगी व्यापाऱ्यांच्या होड्यांनी त्याला घेरलं आणि गोळीबार झाला. ब्राझाच्या माणसांनीही बंदुका चालवल्या. त्याचा हा प्रवास अगदी निष्कलंक नव्हता. दारूगोळा संपत आला होता, तो मागे फिरला. अलिमा काँगोला मिळते आणि तो काँगोपासून फार दूर नाही, हे त्याला माहीत नव्हतं. आदल्याच वर्षी हेन्री मॉर्टन स्टॅन्ली हा शोधक गोळ्या झाडत झाडत काँगोवरून खाली उतरला होता. बोबांगींचा राग तिथून आला असावा, असं ब्राझाचं मत झालं. युरोपात परतल्यावर स्टॅन्लीचा नकाशा समोर आला आणि ब्राझाच्या लक्षात आलं, आपण अलिमावरून माघारी फिरलो ते काँगोच्या उंबऱ्यावरून.

बेल्जियमचा राजा दुसरा लिओपोल्डही तोच नकाशा पाहत होता. आफ्रिकेच्या कल्याणाच्या गोड नावाने त्याने एक आंतरराष्ट्रीय संघ काढला होता. त्याने स्टॅन्लीला पगारावर ठेवलं आणि ब्राझालाही बोलावून पाहिलं. ब्राझाने नकार दिला आणि राजाचा डाव पॅरिसला कळवला. 1879 च्या डिसेंबरात तो पुन्हा आफ्रिकेच्या वाटेला लागला. सरकारी मदत तुटपुंजी होती, त्यामुळे घरच्या पैशाला हात घालावा लागला. आता शर्यत होती. काँगो नदी समुद्राला मिळण्याआधी डोंगरांतून धबधब्यांच्या पायऱ्या उतरत येते, तिथे होडी चालत नाही. त्या पायऱ्यांच्या माथ्यावर नदी पसरून एक तळं होतं. त्याच्या वर हजारो किलोमीटर जलमार्ग मोकळा. ते तळं ज्याच्या हाती, त्याच्या हाती मध्य आफ्रिकेची किल्ली. स्टॅन्ली खालून सुरुंग लावून खडक फोडत, रस्ता बांधत, बोटी ओढत येत होता. ब्राझा वरून, ओगोवेच्या वाटेने, मूठभर माणसं घेऊन निघाला. वाटेत त्याने फ्रान्सव्हिल हे ठाणं घातलं आणि मग तेके लोकांच्या पठारावर चढला.

या पठारावर म्बे इथे तेकेंचा राजा राहत असे. माकोको हे त्याचं पद, नाव इलो. भेटीच्या दिवशी ब्राझाने पेटीच्या तळाशी जपून ठेवलेला नौदलाचा गणवेश काढला, सोनेरी पट्ट्यांचा, चुरगळलेला. राजा सिंहाच्या कातड्यावर, उशांना टेकून बसला होता, गळ्यात तांब्याचं जड कडं. बोलणी एका बैठकीत आटोपली नाहीत. ब्राझा काही आठवडे त्याचा पाहुणा होता. 10 सप्टेंबर 1880 रोजी तहनाम्यावर खुणा झाल्या. कागदाप्रमाणे माकोकोने आपला मुलूख आणि त्यावरचे वंशपरंपरागत हक्क फ्रान्सच्या हवाली केले. राजाच्या माणसांनी एका लहानशा डबीत माती भरली आणि ती ब्राझाच्या हाती दिली, गोऱ्यांच्या मोठ्या राजाला नेऊन दे म्हणून.

माकोकोने त्या दिवशी नेमकं काय दिलं? तेकेंच्या व्यवस्थेत जमीन राजाची नव्हतीच मुळी. प्रत्येक टापूला जमिनीचा धनी वेगळा, त्याचं नातं पूर्वजांशी आणि जागेच्या दैवताशी. राजा या सगळ्यांच्या वरचा, पण त्याचा अधिकार धार्मिक मानाचा. जे विकायचा हक्कच नाही ते त्याने विकलं, असं कागद म्हणतो. राजाची बाजू बघितली तर तो काही भोळाभाबडा नव्हता. नदीवरचा सगळा व्यापार बोबांगींनी बळकावला होता आणि तेके पठारावर हात चोळत बसले होते. हे गोरे नदीवर येऊन बसले आणि आपल्या छत्राखाली व्यापार करू लागले, तर पारडं फिरेल. त्याने पाहुणा ठेवून घेतला, पाहुण्याने सातबारा आपल्या नावावर करून घेतला. ब्राझाला हा फरक अजिबात कळला नसेल, असं मला वाटत नाही. आफ्रिकेच्या राजकारणात तो पाच वर्षं मुरलेला होता.

तहानंतर बोबांगी मुखियांशीही समेट झाला. ‘युद्ध पुरायचं’ ठरलं. एक खड्डा खणला गेला. मुखियांनी त्यात गोळ्या, गारगोट्या आणि बंदुकीची दारू टाकली, ब्राझाने आपली काडतुसं. खड्डा बुजवून वर एक झाड लावलं. ऑक्टोबरच्या सुरुवातीला तळ्याच्या काठी फ्रेंच झेंडा उभा राहिला. त्याच्या रखवालीला ब्राझाने एक सेनेगली सार्जंट आणि दोन-तीन माणसं ठेवली आणि तो खाली किनाऱ्याकडे निघाला.

त्या सार्जंटचं नाव मालामिन कामारा. फ्रान्सने या मुलखात जे मिळवलं त्यातलं बरंचसं या माणसामुळे टिकलं, तरी गौरवग्रंथांत तो कडेला उभा असतो. त्याच्याकडे पगार वाटायला पैसे नव्हते, तोफ नव्हती. पाठीशी सैन्य यायची शक्यता तर नव्हतीच. बंदूक होती आणि नेम अचूक होता. तो पाणघोडे मारायचा आणि मांस गावोगाव वाटायचा. भाषा शिकला, लोकांत मिसळला. 1881 च्या जुलैमध्ये स्टॅन्ली आपला लवाजमा घेऊन तळ्यावर पोचला, तेव्हा झेंडा हाती धरून मालामिन त्याला सामोरा आला आणि तहाची नक्कल दाखवली. गावांनी स्टॅन्लीला अन्नसुद्धा विकायला नकार दिला. लिओपोल्डचा एवढा पैसा मागे उभा असूनही स्टॅन्लीला गुमान दक्षिण तीरावर जावं लागलं. तिथे त्याने लिओपोल्डव्हिल वसवलं. आजच्या दोन देशांची सरहद्द नदीच्या मध्यातून जाते, त्याचं मूळ इथे आहे. मालामिनला फ्रान्सने पुढे लष्करी पदक दिलं. 1886 मध्ये तो सेनेगलमध्ये वारला, पस्तिशीसुद्धा ओलांडली नसावी.

किनाऱ्याकडे उतरताना, 7 नोव्हेंबर 1880 ला, ब्राझा स्टॅन्लीच्या तळावर थडकला होता. अंगावर लक्तरं, सोबत जेमतेम पंधरा माणसं. स्टॅन्लीला हा कोण भणंग आलाय असं वाटलं. दोघांना एकमेकांची भाषा जेमतेम येत होती. दोन दिवस पाहुणचार झाला, गप्पा झाल्या. खिशातल्या तहाबद्दल ब्राझाने अवाक्षर काढलं नाही. स्टॅन्लीला ही गोष्ट पुढे इतकी झोंबली की 1882 च्या ऑक्टोबरात पॅरिसमधल्या एका मेजवानीत त्याने जाहीर भाषणात ब्राझाची यथेच्छ टर उडवली. ब्राझाला कुणकुण आधीच लागली होती. तो त्याच मेजवानीला हजर झाला, पाठ करून आणलेलं छोटंसं इंग्रजी भाषण केलं आणि आफ्रिकेच्या भल्यासाठी पेला उंचावला. दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रांत कोण जिंकलं हे सांगायला नको.

हवा तशीच होती. त्याच वर्षी सप्टेंबरात इंग्रजांनी इजिप्त घशात घातला होता आणि फ्रान्स नुसतं बघत बसलं होतं. प्रशियाकडून झालेला पराभव अजून ताजा होता. अशा वेळी एक देखणा, खंगलेला, अनवाणी फिरलेला अधिकारी येतो आणि रक्त न सांडता एक राज्य आणून पायाशी ठेवतो. नादारच्या फोटो स्टुडिओत त्याची छायाचित्रं निघाली: अंगावर सैल झगा, पाय उघडे, हातात काठी, नजर लांब कुठेतरी. जंगलातला ब्राझा आणि पॅरिसच्या स्टुडिओत मांडलेला ब्राझा यांत फरक असणारच. पण छायाचित्राला माणसापेक्षा जास्त किंमत आली. नोव्हेंबरअखेर संसदेने तह मान्य केला. फ्रान्सला तो मुलूख हवा होताच. शिवाय तो हात न मळता मिळाला, असं स्वतःला सांगायची सोयही ब्राझाने करून दिली.

पुढची पंधरा वर्षं थोडक्यात सांगता येतात, कारण त्यांत ब्राझाचा पिंडच नव्हता. तिसऱ्या मोहिमेला पैसा मिळाला, धाकटा भाऊ जाकोमोही सोबत आला. मंजूर झालेला तह 1884 मध्ये माकोकोला परत नेऊन दिला गेला. बर्लिनच्या परिषदेत युरोपने आफ्रिका वाटून घेतली, 1886 मध्ये ब्राझा फ्रेंच काँगोचा कमिशनर जनरल झाला. टेबल, हिशेब, टपाल हे त्याला जमेना. तिजोरीत खडखडाट आणि साहेब महिनोन्‌महिने सांघा नदीच्या खोऱ्यात. 1895 मध्ये त्याने तेरेझ द शांब्रँशी लग्न केलं. ती लाफायेतच्या घराण्यातली.

इथे त्याचे भक्त एक गोष्ट सांगायची टाळतात. मोठ्या कंपन्यांना मुलूख नेमून देऊन त्यांच्याकडून वसाहत पोसून घ्यायची, ही कल्पना ब्राझाला तत्त्वतः अमान्य नव्हती. ओगोवेच्या वरच्या खोऱ्याचा मक्ता 1893 मध्ये एका कंपनीला दिला गेला, तेव्हा तोच कमिशनर होता. त्याचा विरोध होता तो घाईला आणि जुलमाला. 1896 मध्ये कॅप्टन मार्शाँ यांची मोहीम नाईल नदीकडे जायला निघाली. लोआंगो बंदरापासून ब्राझाव्हिलपर्यंतची वाट डोक्यावरच्या ओझ्याने चाले. माणशी तीसेक किलो, वाटेत डोंगर आणि जंगल. मोहिमेच्या हजारो ओझ्यांना हमाल मिळेनात, मग ते जबरदस्तीने धरायला सुरुवात झाली, वाटेवरच्या गावांनी उठाव केला, लष्कराने गावं जाळली. सामान अडकल्याचं खापर ब्राझावर फुटलं. मक्तेदारीच्या आशेने बसलेल्यांनाही तो नको होता. जानेवारी 1898 मध्ये त्याला घरी बसवलं. तो अल्जिअर्सला जाऊन राहिला.

तो हलताच दार उघडलं. 1899 मध्ये जवळजवळ सगळी वसाहत चाळीस कंपन्यांना तीस वर्षांच्या करारावर वाटून टाकण्यात आली. जंगलातलं रबर आणि हस्तिदंत कंपनीचं. म्हणजे बापजाद्यांपासून जो माणूस ते गोळा करत आला, तो आता त्याच जंगलात चोर ठरला. त्याने आणलेल्या रबराचे पैसे मिळायचे ते मालाची किंमत म्हणून नव्हे, वेचायची मजुरी म्हणून, आणि तेही बहुतेकदा मीठ नाहीतर फुटकळ वस्तूंच्या रूपात. 1902 पासून वर डोईपट्टी बसली. नाणं चलनात नाही, मग पट्टी भरायची रबराने. गव्हर्नर एमिल जांतील यांनी हाताखालच्या अधिकाऱ्यांना परिपत्रक धाडलं की तुमची बढती तुम्ही किती पट्टी वसूल करता त्यावर ठरेल. हे जांतील एकेकाळी ब्राझाच्याच हाताखाली तयार झालेले. लिओपोल्डच्या तीरावरच्या रबराच्या कहाण्या ऐकून पॅरिस तेव्हा नाक मुरडत होतं. अलीकडच्या तीरावरही तेच पीक उगवत होतं.

1905 च्या सुरुवातीला वर्तमानपत्रांनी एक प्रकरण उघडं केलं. चाड सरोवराच्या वाटेवर फोर क्रांपेल नावाचं ठाणं होतं. 14 जुलै 1903 रोजी, म्हणजे फ्रान्सच्या राष्ट्रीय सणाच्या दिवशी, तोके आणि गो या तिथल्या दोन अधिकाऱ्यांच्या हुकमतीत पाक्पा नावाच्या कैद्याच्या अंगाला डायनामाइट बांधून त्याला उडवण्यात आलं. फ्रान्स हादरलं. सरकारला दोन काळज्या होत्या: देशात आपलं तोंड काळं होऊ नये, आणि लिओपोल्डसारखी आंतरराष्ट्रीय चौकशी आपल्या मागे लागू नये. अशा वेळी ज्याच्या नावाला डाग नाही असा माणूस लागतो. अल्जिअर्सला निरोप गेला. त्रेपन्न वर्षांचा, तब्येतीने खचलेला ब्राझा 5 एप्रिल 1905 ला मार्सेयहून निघाला. तेरेझने त्याला एकट्याने जाऊ दिलं नाही. सोबत निरीक्षकांचं पथक होतं, आणि ‘ल ताँ’ या दैनिकाचा वार्ताहर म्हणून फेलिसिअँ शालाय हा तत्त्वज्ञान शिकवणारा तरुण.

दोन अधिकारी विकृत निघाले, एवढाच निष्कर्ष सरकारला हवा असावा. ब्राझा दप्तरं मागत सुटला. करवसुलीच्या वह्या, तुरुंगाच्या नोंदी, कंपन्यांचे हिशेब. जांतील यांच्या कचेरीने जमेल तेवढे अडथळे आणले. कागद गहाळ होत, साक्षीदारांची बदली होई. तो उबांगी नदीवरून वर गेला, मग चाडच्या वाटेने फोर क्रांपेलपर्यंत. या वाटेवर मांजा लोकांचा मुलूख लागतो. चाडकडच्या फौजेचं सगळं सामान त्यांच्या डोक्यावरून जात होतं. पुरुष ओझ्याच्या भीतीने जंगलात पळाले, की शिपाई त्यांच्या बायकामुलांना ओलीस धरत आणि नवरा ओझं उचलायला हजर होईपर्यंत कोंडून ठेवत. गावंच्या गावं ओस पडली होती.

ओलिसांची ही पद्धत रबर आणि पट्टीसाठीही चालू होती. बांगीतली एक नोंद पथकाच्या हाती लागली. 1904 मध्ये मोंगुंबा भागातून 58 बायका आणि 10 मुलं धरून आणली होती. एका लहानशा, खिडकी नसलेल्या खोलीत त्यांना डांबलं गेलं. त्यांतल्या 45 बायका आणि 2 मुलं तिथे मेली. बाहेर काढलं ते बांगीत नव्याने आलेल्या एका तरुण डॉक्टरने आवाज उठवला म्हणून. हे एखाद्या माथेफिरू गो किंवा तोकेचं कृत्य नव्हतं. पट्टी वेळेत जमा व्हावी म्हणून चाललेल्या रोजच्या कामकाजाचा तो भाग होता. न्यायखात्यातही त्याची वासलात लागली होती, कोणाला शिक्षा न होता.

ऑगस्टमध्ये ब्राझाव्हिलला तोके आणि गो यांचा खटला उभा राहिला. दोघांना पाच-पाच वर्षांची शिक्षा झाली. इतकी कडक शिक्षा म्हणून तिथले गोरे संतापले. ब्राझा तोवर आजारी पडला होता. आमांशाने अंगात त्राण उरलं नव्हतं. त्याच्याच नावाच्या गावातून त्याला उचलून न्यावं लागलं. परतीच्या जहाजावर तब्येत ढासळत गेली, डाकारला त्याला किनाऱ्यावर उतरवलं आणि 14 सप्टेंबर 1905 रोजी तिथल्या इस्पितळात तो वारला. त्याला विष दिलं गेलं असा संशय तेरेझने अखेरपर्यंत सोडला नाही. पुरावा कधी पुढे आला नाही.

सरकारने अंत्ययात्रा थाटात काढली. ऑक्टोबरच्या 3 तारखेला पॅरिसमध्ये सरकारी इतमाम, वसाहतमंत्री क्लेमँतेल यांचं भाषण, पेर लाशेझच्या दफनभूमीत मानाची जागा. तोंडाने गुणगान चाललं असताना त्याच खात्याचा हात त्याच्या पेट्यांवर होता. त्याच्या कागदांवरून अहवाल लिहायला माजी मंत्री लानेसाँ यांच्या अध्यक्षतेखाली समिती बसली. समितीत जांतील यांना सांभाळून घेणारेही होते, तरी जे लिहिलं गेलं ते सरकारला पचणारं नव्हतं. फेब्रुवारी 1906 मध्ये समाजवादी खासदार ग्युस्ताव रुआने यांनी संसदेत हा विषय तपशिलासह मांडला, कागद छापा अशी मागणी झाली. बहुमताने ती फेटाळली. 1907 मध्ये अहवालाच्या फक्त 10 प्रती गुप्त म्हणून छापल्या आणि त्या दप्तरात गेल्या. शालायने आपल्या परीने पाहिलेलं सगळं शार्ल पेगीच्या नियतकालिकात छापलं. वाचणाऱ्यांनी वाचलं. जांतील आणखी काही वर्षं गव्हर्नर राहिले.

मक्ते चालू राहिले. 1921 पासून ब्राझाव्हिल ते समुद्र रेल्वे टाकायचं काम निघालं, त्यात हजारो सक्तीचे मजूर मेले. 1925-26 मध्ये लेखक आंद्रे जीद याच मुलखातून फिरला, तेव्हा त्याला रबराच्या कंपनीसाठी मार खाणारी माणसं भेटली. तो जे लिहून परतला ते वाचून फ्रान्स पुन्हा नव्याने हादरलं, जणू असं काही पहिल्यांदाच कानावर येत होतं.

ब्राझाची हाडंही स्वस्थ राहिली नाहीत. तेरेझने 1908 मध्ये त्याला पॅरिसहून अल्जिअर्सला हलवलं. त्याची स्मृती मानवी रक्तापासून शुद्ध आहे, अशा अर्थाचा लेख तिथल्या दगडावर कोरला गेला. मग 2006 मध्ये काँगो सरकारने त्याला, तेरेझला आणि मुलांना तिथून उचलून ब्राझाव्हिलला आणलं, संगमरवरी स्मारकात ठेवलं. राष्ट्राध्यक्ष सासू न्गेसो, गाबॉनचे बोंगो आणि फ्रान्सचे परराष्ट्रमंत्री समारंभाला होते. वसाहतवाल्याला एवढा मान कशाला, आणि नळाला पाणी नसलेल्या गावात एवढा संगमरवर कशाला, असं शहरातले लोक विचारत होते. पहिला प्रश्न विचारणारे आणि दुसरा विचारणारे बहुधा वेगळे असावेत. मला दुसरा जास्त अडचणीचा वाटतो.

अहवालाच्या दहापैकी एक प्रत पुढे वसाहतखात्याच्या जुन्या दप्तरांत एका संशोधकाला सापडली. 2014 मध्ये एका लहान फ्रेंच प्रकाशनाने तो पुस्तक म्हणून छापला, काँगोतल्या कंपन्यांच्या इतिहासावर हयात घालवलेल्या कॅथरीन कोक्री-व्हिद्रोविच यांच्या प्रस्तावनेसह. आज तो कोणालाही दुकानातून विकत घेता येतो. मोंगुंबाच्या त्या बायकांची नोंद त्यात आहे. नावं नाहीत, नुसते आकडे.